घर कम्युनिस्ट प्राध्यापकांचं, काम पडद्यावर भयानक मरायचं : इटलीच्या 'जॉन मॉर्गेन'ची गोष्ट

१९८० साली इटलीत एक पिक्चर आला. लुचियो फुल्ची नावाच्या दिग्दर्शकाचा. इंग्रजीत त्याचं नाव 'सिटी ऑफ द लिव्हिंग डेड'. त्यात बॉब नावाचा एक पोरगा आहे. गावाने ओवाळून टाकलेला, गावात काहीही वाईट झालं की ज्याच्यावर संशय घ्यायचा तो. एका मुलीचा बाप त्याला आपल्या गॅरेजमध्ये लेकीसोबत बघतो, त्याचं डोकं धरून टेबलावर दाबतो आणि शेजारचं ड्रिल मशीन चालू करतो. पुढचं सांगायची गरज नाही. कॅमेरा मात्र तिथून हलत नाही.

आज चाळीस वर्षांहून जास्त काळ झाला, तरी इटालियन हॉररची कुठलीही यादी या सीनशिवाय पूर्ण होत नाही. गंमत म्हणजे बॉब पूर्ण सिनेमात मोजून काही मिनिटं दिसतो. त्याचं मरण तेवढं लोकांच्या लक्षात राहिलं.

बॉबचं काम करणाऱ्या नटाचं नाव श्रेयनामावलीत कधी 'जॉन मॉर्गेन' असं यायचं. नाव अमेरिकन वाटतं, पण माणूस पक्का रोमचा. खरं नाव जिओव्हान्नी लोंबार्दो रादिचे. आणि त्याचं आडनाव इटलीत उच्चारलं की लोकांना हॉरर सिनेमा आठवायचा नाही, विद्यापीठ आणि कम्युनिस्ट पक्ष आठवायचा.

अशा घरातला मुलगा अशा पिक्चरमध्ये कसा पोहोचला, तिथे त्याला काय मिळालं आणि काय गमवावं लागलं, हे बघितलं की इटलीचा तो अख्खा सिनेधंदा समजतो.

आधी घर बघू

जिओव्हान्नीचा जन्म २३ सप्टेंबर १९५४ चा, रोममधला. वडील लुचियो लोंबार्दो रादिचे हे गणितज्ञ. नुसते वर्गात शिकवणारे नाहीत, तर सामान्य माणसाला गणित कळावं म्हणून पुस्तकं लिहिणारे. मुसोलिनीच्या राजवटीला विरोध केला म्हणून ते तुरुंगात जाऊन आले होते आणि युद्धानंतर कम्युनिस्ट पक्षातले वजनदार विचारवंत झाले.

आजोबा जुझेप्पे लोंबार्दो रादिचे हे शिक्षणतज्ज्ञ. इटलीच्या प्राथमिक शाळांचा अभ्यासक्रम १९२० च्या दशकात त्यांनी घडवला आणि फॅसिस्ट राजवटीचं खरं रूप दिसल्यावर सरकारी पद सोडलं. आईचे वडील आर्तुरो कार्लो येमोलो हे देशातले नावाजलेले कायदेपंडित.

आत्याचे यजमान पिएत्रो इंग्राओ. हे तर १९७६ ते १९७९ या काळात इटलीच्या लोकसभेसारख्या सभागृहाचे अध्यक्ष होते. त्याच १९७६ च्या निवडणुकीत कम्युनिस्ट पक्षाला ३४ टक्क्यांहून जास्त मतं पडली होती, म्हणजे पक्ष अगदी भरात होता.

मोठा भाऊ मार्को मुलांचा मानसोपचारतज्ज्ञ. १९७६ साली त्याने लिदिया रावेरा या लेखिकेसोबत लिहिलेली एक कादंबरी इटलीच्या तरुण पिढीत तुफान गाजली. १९८९ मध्ये तो गेला. त्याच्या कामावरून प्रेरणा घेऊन पुढे १९९३ साली 'इल ग्रांदे कोकोमेरो' नावाचा सिनेमाही निघाला.

थोडक्यात, ज्या घरात पाहुणा आला की गप्पा मार्क्स, गॅलिलिओ आणि राज्यघटनेवर सुरू व्हायच्या, असं हे घर. त्यातला धाकटा मुलगा नाटकाकडे वळला. अभिनय करायचा, दिग्दर्शन करायचा. पण नाटकाने समाधान मिळतं, घरभाडं निघतंच असं नाही. हे दुखणं फक्त आपल्याकडचं नाही, रोममध्येही तेच.

आणि त्याच वेळी रोममध्ये एक कारखाना दिवसरात्र चालू होता.

इटलीत पिक्चर 'पिकत' होते, ते कसे?

दुसऱ्या महायुद्धानंतर इटलीचे लोक सिनेमाचे वेडे होते. १९५५ साली त्या देशात सुमारे ८२ कोटी तिकिटं विकली गेली. लोकसंख्या पाच कोटींच्या आसपास, म्हणजे लहानमोठे सगळे धरले तरी वर्षाला माणशी सोळाहून जास्त पिक्चर. शहरातल्या चकाचक थिएटरात नवा पिक्चर लागायचा, मग तो उतरत उतरत गल्लीबोळातल्या आणि खेड्यापाड्यातल्या टाकीजमध्ये जायचा. या खालच्या थिएटरांना दर आठवड्याला नवा माल लागायचा.

हा माल पुरवण्यासाठी जी पद्धत रुळली तिला इटालियन भाषेत 'फिलोने' म्हणतात. शब्दाचा अर्थ खाणीतली धातूची शीर. एकाला शीर सापडली की बाकीचे सगळे कुदळ घेऊन तिथेच धावतात आणि ती संपेपर्यंत खणतात.

१९५८ साली स्टीव्ह रीव्ह्ज या अमेरिकन शरीरसौष्ठवपटूचा हर्क्युलिस चालला, मग काही वर्षं नुसते हर्क्युलिसच हर्क्युलिस. १९६४ साली सर्जिओ लेओनेचा 'अ फिस्टफुल ऑफ डॉलर्स' चालला, मग शेकडो वेस्टर्न. १९७० साली दारिओ अर्जेंतोचा पहिला थरारपट चालला, मग काळे हातमोजे घातलेल्या खुन्यांची रांग लागली. त्यानंतर पोलिसपट, मग नरभक्षक, मग झॉम्बी.

यात लाजबीज काही नसायची. जॉर्ज रोमेरो या अमेरिकन दिग्दर्शकाचा 'डॉन ऑफ द डेड' इटलीत १९७८ साली 'झॉम्बी' नावाने लागला आणि जोरात चालला. पुढच्याच वर्षी फुल्चीचा पिक्चर आला, नाव 'झॉम्बी २'. पहिल्या भागाशी कथेचा काडीचा संबंध नाही.

पैशाचं गणितही साधं होतं. पिक्चर बनायच्या आधीच निर्माता नाव, पोस्टर आणि एखादं ओळखीचं अमेरिकन नाव घेऊन वितरकांकडे जायचा. वितरक ठरावीक रकमेची हमी द्यायचे आणि त्या हमीवर पिक्चर उभा राहायचा. म्हणजे माल आधी विकायचा आणि नंतर बनवायचा. साहजिकच कथेपेक्षा पोस्टरवर काय छापता येईल याला जास्त भाव.

नाव बदला, आवाज बदला

आता प्रश्न पडेल की रोमच्या पोराला अमेरिकन नाव कशाला?

कारण वितरकांची ठाम समजूत होती की इटालियन माणसाने काढलेला वेस्टर्न किंवा हॉरर इटालियन माणूसच बघणार नाही. शिवाय पिक्चर बाहेरच्या देशांत विकायचा तर नावं इंग्रजी हवीत. त्यामुळे कार्लो पेदेर्सोली झाला बड स्पेन्सर. मारिओ जिरोत्ती झाला टेरेन्स हिल. खुद्द लेओनेनेही 'फिस्टफुल'वर बॉब रॉबर्टसन हे नाव लावलं होतं. त्याचे वडील रोबेर्तो रोबेर्ती या नावाने सिनेमे काढायचे, म्हणून रॉबर्टचा मुलगा तो रॉबर्टसन.

रादिचेनेही असाच घरगुती मार्ग काढला. जिओव्हान्नीचं इंग्रजी रूप जॉन. आणि मॉर्गेन हे त्याच्या आजीचं, म्हणजे येमोलोंच्या पत्नीचं माहेरचं आडनाव. ऐकायला परदेशी वाटतं, पण आहे घरातलंच. वडिलांचं आणि आजोबांचं नाव पोस्टरवर येऊ न देता घरातलंच एक नाव वापरायचं, अशी ही सोय झाली.

नावासारखीच गत आवाजाची. त्या काळात इटलीत बहुतेक पिक्चरचं चित्रीकरण सेटवरचा आवाज न धरता व्हायचं. सेटवर अमेरिकन नट इंग्रजीत बोलायचा, इटालियन नट जमेल तशा इंग्रजीत किंवा इटालियनमध्ये. नंतर स्टुडिओत बसून प्रत्येक भाषेसाठी वेगळा आवाज चढवला जायचा. जगभर पोहोचलेल्या प्रतींमध्ये नटाचा चेहरा एकाचा आणि आवाज दुसऱ्याचा असणं हे अगदी नेहमीचं.

आता विचार करा. तुम्ही रंगभूमीवर घडलेले नट आहात, तिथे अर्धा अभिनय आवाजात असतो. इथे तुमचं नाव गेलं, बऱ्याचदा आवाजही गेला. हातात उरले फक्त डोळे, चेहरा आणि शरीर.

रादिचेची सगळी गंमत इथेच आहे. त्या उरलेल्या भांडवलावर त्याने जे केलं, त्यामुळे तो लक्षात राहिला.

पदार्पण : रिकी

पहिला पिक्चर रुज्जेरो देओदातोचा 'द हाऊस ऑन द एज ऑफ द पार्क', १९८० साली आलेला.

देओदातो हे नाव तेव्हा आधीच आगीत होतं. त्याचा 'कॅनिबल होलोकॉस्ट' त्याच वर्षी मिलानमध्ये लागला आणि न्यायालयाने जप्त केला. जंगलात गेलेल्या चार जणांना सापडलेल्या फिल्ममधून बघायचं, अशी त्या पिक्चरची रचना. ती इतकी खरी वाटली की नटांना खरोखरच मारलं असावं असा संशय आला आणि ते जिवंत आहेत हे देओदातोला दाखवून द्यावं लागलं. माणसं जिवंत निघाली. पण पिक्चरमध्ये मारलेले प्राणी मात्र खरे होते. हा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

'हाऊस'ची कथा अशी. अ‍ॅलेक्स नावाचा गुंड आणि गॅरेजमधला त्याचा भोळसट मित्र रिकी यांना काही श्रीमंत मंडळी आपल्या पार्टीला नेतात. तिथे रिकीला नाचायला लावतात, पत्त्यांत फसवतात, त्याची टर उडवतात. मग अ‍ॅलेक्स वस्तरा काढतो आणि रात्र भयाण होत जाते. अ‍ॅलेक्स झाला होता डेव्हिड हेस हा अमेरिकन नट आणि रिकी झाला होता रादिचे.

पिक्चर बघवत नाही असा आहे, विशेषतः स्त्रियांवरच्या अत्याचाराची दृश्यं. त्याचं समर्थन करायचं कारण नाही. पण त्या सगळ्यात रिकीकडे बघितलं तर एक वेगळीच गोष्ट दिसते. आपल्याला हसतायत की आपल्यासोबत हसतायत हे न कळणारा माणूस. मित्र चुकतोय हे उमगतं, पण मित्र सोडला तर जगात आपलं कुणीच नाही हेही त्याला माहीत आहे. रादिचेने हे सगळं नजरेतून दाखवलं. घाणीत उभं राहून त्याने एक माणूस उभा केला, असं म्हणायला हरकत नाही.

मग मरणांची रांग लागली

त्याच वर्षी अंतोनिओ मार्गेरितीचा पिक्चर आला. इटालियन नाव 'अपोकॅलिप्स दोमानी'. १९७९ साली कोपोलाचा 'अपोकॅलिप्स नाऊ' गाजला होता ना? 'नाऊ' म्हणजे आत्ता, तर 'दोमानी' म्हणजे उद्या! इंग्रजीत तो 'कॅनिबल अपोकॅलिप्स' म्हणून गेला.

व्हिएतनाममधून परतलेल्या सैनिकांना माणसाचं मांस खायची लागण झाली आहे आणि ती शहरात पसरते आहे, अशी कल्पना. मुख्य भूमिकेत हॉलिवूडचा जॉन सॅक्सन. रादिचे झाला चार्ली बुकोव्स्की नावाचा माजी सैनिक. युद्धाने पार मोडून टाकलेला, सिनेमा बघता बघता एका बाईला चावणारा. शेवटी गटारात त्याच्या पोटात बंदुकीने असं भगदाड पडतं की कॅमेरा त्यातून पलीकडचं बघतो.

मार्गेरितीचं नाव ओळखीचं वाटतंय? टॅरँटिनोच्या 'इनग्लोरियस बास्टर्ड्स'मध्ये एक सैनिक इटालियन असल्याचं सोंग घेतो आणि स्वतःचं नाव 'अंतोनिओ मार्गेरिती' सांगतो. तो हाच.

पाठोपाठ फुल्चीचं ते ड्रिल मशीन. एका वर्षात तीन पिक्चर, तीन वेगळी माणसं. भोळा रिकी, मोडलेला चार्ली, गावाने टाकलेला बॉब. तिघांत एक गोष्ट मात्र समान आहे. तिघेही समाजाने कडेला ढकललेले आहेत आणि तिघांनाही शेवटी मारच खावा लागतो. निर्मात्यांच्या डोक्यात खूणगाठ बसली, हा पोरगा चांगला मरतो.

नटाला ठरावीक साच्यात बसवणं कुठल्याही सिनेमाधंद्यात होतं. आपल्याकडे कुणी कायम पोलीस इन्स्पेक्टर, कुणी कायम सासू. रादिचेचा साचा होता हाल होऊन मरणारा माणूस.

'कॅनिबल फेरॉक्स' : सही केल्याची किंमत

१९८१ साली आला उंबेर्तो लेन्झीचा 'कॅनिबल फेरॉक्स'. लेन्झी म्हणजे या नरभक्षक शिरेचा पहिला कुदळवाला, १९७२ साली पहिला असा पिक्चर त्यानेच काढला होता. आता देओदातो त्याच्या पुढे निघून गेला होता आणि बाजाराला आणखी भडक काहीतरी हवं होतं.

चित्रीकरण कोलंबियातल्या अ‍ॅमेझॉनच्या जंगलात आणि न्यूयॉर्कमध्ये. रादिचेची भूमिका माइक लोगनची. न्यूयॉर्कहून पळालेला अमली पदार्थांचा व्यापारी, जंगलात जाऊन तिथल्या लोकांचा छळ करणारा. पुढे ते लोक सूड घेतात आणि त्याचे जे हाल होतात ते इथे लिहिण्यासारखे नाहीत.

या पिक्चरची कथा कागदावर वाचली तर चकित व्हाल. ग्लोरिया नावाची मानववंशशास्त्राची विद्यार्थिनी जंगलात जाते, नरभक्षण ही गोऱ्यांनी रचलेली दंतकथा आहे हे सिद्ध करायला. म्हणजे संदेश असा, की खरे रानटी बाहेरून आलेले लोक. ऐकायला बरं वाटतं. पण त्याच पिक्चरने तिथल्या आदिवासींना नरभक्षक दाखवून तिकिटं विकली. अन्यायाविरुद्ध बोलण्याचा आव आणायचा आणि अन्यायाचाच माल विकायचा, हा या धंद्याचा जुना खेळ. ज्याच्या घरात तीन पिढ्या शोषणावर बोलण्यात गेल्या, तो मुलगा या खेळात मधोमध उभा होता.

आणि मग प्राणी. या पिक्चरमध्ये कॅमेऱ्यासमोर खरे प्राणी मारले गेले. कारण एकच, माणसाचं मरण खोटं असतं हे प्रेक्षकाला माहीत असतं. मध्येच प्राण्याचं खरं मरण दाखवलं की नजर फसते आणि पुढचं खोटंही खरं वाटायला लागतं. रबर आणि लाल रंगाने जे जमत नाही ते मुक्या जिवाकडून वसूल करायचं.

एका दृश्यात माइकने डुकराला मारायचं होतं. रादिचेने साफ नकार दिला. पुढे त्याने हा प्रसंग अनेकदा सांगितला. लेन्झीने त्याला ऐकवलं की रॉबर्ट डी नीरो असता तर त्याने हे केलं असतं. त्यावर रादिचेने सुनावलं, की डी नीरोने तुला इथून रोमपर्यंत लाथाडत नेलं असतं. डुक्कर वाचलं नाही, दुसऱ्या माणसाच्या हातून ते काम उरकलं गेलं. पण त्याचा स्वतःचा हात त्यात नव्हता.

आता इथे दोन्ही बाजू बघायला हव्यात. एका बाजूला, नवख्या नटाने जंगलात, परक्या देशात दिग्दर्शकाला तोंडावर नाही म्हणणं सोपं नसतं. दुसऱ्या बाजूला, तो पिक्चर सोडून गेला नाही. काम पूर्ण केलं, पैसे घेतले. हे त्याने कधी लपवलं नाही. पैशासाठी केलं आणि केल्याचं वाईट वाटतं, हे तो आयुष्यभर उघडपणे सांगत राहिला.

पुढे हा पिक्चर डिस्कवर आला तेव्हा सोबतच्या भाष्यात लेन्झी आणि रादिचे या दोघांचं म्हणणं वेगवेगळं ध्वनिमुद्रित करून एकत्र जोडलं गेलं. लेन्झी आपल्या पिक्चरची बाजू मांडतोय आणि त्याचाच मुख्य नट तो पिक्चर झोडपतोय, असा तो प्रकार. आपल्याच सिनेमावर इतकं परखड बोललेला नट क्वचितच सापडेल.

ब्रिटनमध्ये पोलीस मागे लागले

दरम्यान घरोघरी व्हिडिओ आला. ब्रिटनमध्ये सुरुवातीला व्हिडिओ कॅसेटला सेन्सॉर नव्हता, त्यामुळे गल्लीतल्या दुकानात काहीही भाड्याने मिळायचं. वर्तमानपत्रांनी गदारोळ केला, पोलिसांनी दुकानांवर छापे घातले आणि सरकारी वकिलांच्या कार्यालयाने आक्षेपार्ह कॅसेटची यादी काढली. या पिक्चरना नाव पडलं 'व्हिडिओ नॅस्टी'. १९८४ साली त्यासाठी स्वतंत्र कायदा झाला.

त्या यादीतल्या ३९ पिक्चरवर अश्लीलतेचे खटले यशस्वी झाले. त्या ३९ मध्ये रादिचेचे तीन होते. 'हाऊस ऑन द एज ऑफ द पार्क', 'कॅनिबल अपोकॅलिप्स' आणि 'कॅनिबल फेरॉक्स'. जेमतेम दोन वर्षांचं करिअर आणि तीन पिक्चर थेट खटल्यात!

'हाऊस'ला ब्रिटनमध्ये अधिकृत परवानगी मिळायला २००२ साल उजाडलं आणि तेव्हाही ११ मिनिटांपेक्षा जास्त भाग कापला गेला. 'फेरॉक्स'ला तर तिथला १९३७ चा जुना कायदा आडवा आला. सिनेमासाठी प्राण्याला मुद्दाम यातना दिल्या असतील तर ते दृश्य दाखवता येत नाही, असं तो कायदा सांगतो.

अमेरिकेत याच्या उलट. तिथे 'फेरॉक्स' वेगळ्या नावाने लागला आणि '३१ देशांत बंदी' असं जाहिरातीत मिरवलं गेलं. एकीकडे बंदी म्हणून खटला आणि दुसरीकडे बंदी म्हणूनच तिकीट.

शीर संपली

ज्या कारखान्यासाठी हे सगळं चाललं होतं, तो मात्र आतून पोकळ होत होता. १९७६ साली इटलीच्या घटना न्यायालयाने स्थानिक पातळीवर खासगी वाहिन्यांना मोकळीक दिली. बघता बघता घराघरांत फुकट पिक्चर दिसू लागले. त्याच वर्षी सरकारी वाहिनीवर आपला कबीर बेदी 'सांदोकान' बनून आला आणि इटलीचा लाडका झाला. त्या मालिकेचा दिग्दर्शक सर्जिओ सोल्लिमा हाही आधी वेस्टर्न काढणारा. म्हणजे गुणी माणसंही टीव्हीकडे सरकत होती.

१९५५ साली ८२ कोटी असलेली तिकीटविक्री १९८५ पर्यंत १२-१३ कोटींच्या आसपास आली. गल्लीबोळातली टाकीजं बंद पडली. ज्यांच्यासाठी दर आठवड्याला नवा माल लागायचा ती दुकानंच उठली.

या उतरत्या काळात रादिचेला साथ मिळाली मिकेले सोआवीची. फुल्चीच्या त्याच पिक्चरमध्ये सोआवीने छोटं काम केलं होतं. पुढे तो दिग्दर्शक झाला आणि १९८७ साली त्याने 'स्टेज फ्राइट' काढला. एका थिएटरात नाटकाची तालीम चालू आहे, दारं बंद आहेत आणि आत खुनी शिरला आहे. नाटकात घुबडाचा मुखवटा घालणाऱ्या नटाचं, ब्रेटचं काम रादिचेने केलं. तो मुखवटा खुनी पळवतो. पुढे मुखवटा चढवून बांधून ठेवलेल्या ब्रेटलाच खुनी समजून त्याचे सोबती मारून टाकतात. नाटकवाल्या रादिचेला नाटकवाल्याचीच भूमिका मिळाली, पण मरण काही चुकलं नाही. सोआवीच्या 'द चर्च' (१९८९) आणि 'द सेक्ट' (१९९१) मध्येही तो होता.

त्यानंतर ही शीर संपली. रादिचे नाटकाकडे, लेखनाकडे आणि टीव्हीकडे वळला.

दुसरा डाव

इथे गोष्ट संपायला हवी होती. पण ज्या कॅसेट पोलिसांनी जप्त केल्या, त्याच चोरूनमारून बघत एक पिढी मोठी झाली होती. डीव्हीडी आल्यावर या पिढीने ते सगळे पिक्चर नीट स्वच्छ करून पुन्हा बाजारात आणायला लावले आणि नटांना शोधून काढलं. रोममधल्या नाटकवाल्याला कळलं की ब्रिटन-अमेरिकेत त्याच्या सहीसाठी लोक रांगा लावतात.

२००२ साली मार्टिन स्कॉर्सेसीचा 'गँग्स ऑफ न्यूयॉर्क' आला, तो रोमच्या चिनेचित्ता स्टुडिओत चित्रित झाला होता. त्यात एका नाटकाचा प्रसंग आहे आणि त्या नाटकातल्या क्रूर मालकाच्या छोट्या भूमिकेत रादिचे दिसतो. २००६ च्या 'द ओमेन'मध्ये तो फादर स्पिलेट्टो झाला. या वेळी पडद्यावर नाव स्वतःचं, जॉन मॉर्गेन नाही. शिवाय जुने पिक्चर बघून मोठे झालेले छोटे-मोठे दिग्दर्शक त्याला आवर्जून बोलवायला लागले.

२७ एप्रिल २०२३ रोजी वयाच्या ६८ व्या वर्षी तो गेला. फुल्ची, मार्गेरिती आणि लेन्झी त्याच्या कितीतरी आधी गेले होते. देओदातो त्याच्या चारच महिने आधी, डिसेंबर २०२२ मध्ये.

मग या सगळ्याचा अर्थ काय?

एक अर्थ धंद्याचा. असले पिक्चर कुणा एका विकृत डोक्यातून निघाले नव्हते. रिकामी थिएटरं भरायची होती, वितरकाची हमी हवी होती आणि कालच्यापेक्षा आज जास्त भडक दाखवल्याशिवाय पोस्टर विकत नव्हतं. त्यात नट हा सगळ्यात स्वस्त माल. त्याचं नाव आणि आवाज बदलता यायचा आणि पंधरा मिनिटांत त्याला मारता यायचं.

दुसरा अर्थ या माणसाचा. आपण केलेल्या कामाबद्दल बोलायचे दोन सोपे रस्ते असतात. 'ती कला होती' म्हणून सगळं झाकायचं, नाहीतर 'मी तो नव्हेच' म्हणून हात वर करायचे. चाहते पहिलं ऐकायला तयारच होते आणि खोट्या नावामुळे दुसरं म्हणायचीही सोय होती. रादिचेने दोन्ही रस्ते सोडले. फुल्ची आणि सोआवीच्या कामाचा त्याला अभिमान होता, तो त्याने सांगितला. 'फेरॉक्स'ची लाज होती, तीही त्याने सांगितली. चाहत्यांसमोर बसून, त्याच पिक्चरच्या पोस्टरवर सही करताना सांगितली.

रील असो, जाहिरात असो की एखादी नोकरी, 'पैशासाठी करतोय, नाव आपलं कुठेय' असं म्हणून आपण बरंच काही करून जातो. जॉन मॉर्गेन हे नावसुद्धा त्याचसाठी घेतलं होतं. पण चेहरा आपलाच असतो आणि पडद्यावर एकदा आलेला चेहरा परत घेता येत नाही. रादिचेने तो परत मागितला नाही. फक्त त्यातलं काय आपलं आणि काय नाही, हे विचारेल त्याला शेवटपर्यंत सांगत राहिला.